सायकल, मोटार आणि केसपेपरवरची एक ओळ

‘सायकलवरून घसरून पडल्याने दुखापत’ अशी एक ओळ एका खासगी रुग्णालयाच्या कॅज्युअल्टीत माझ्या केसपेपरवर लिहिली गेली, आणि ती निस्तरताना माझे जेवढे रक्त आटले तेवढे मनगटात प्लेट बसवण्याच्या शस्त्रक्रियेतही आटले नाही. मोटारीची धडक बसलेल्या सायकलस्वारांनी, किंवा त्यांना रुग्णालयात नेणाऱ्या नातेवाइकांनी, माझे पुढचे लिखाण वाचले नाही तरी चालेल. परंतु दाखल होतानाच्या पहिल्या कागदावर मोटारीने धडक दिल्याचा उल्लेख आणि शक्य असल्यास गाडीचा क्रमांक लिहून घेतल्याशिवाय त्यांनी त्या टेबलापासून हलू नये.

धडक कशी झाली ते आधी सांगते, कारण सायकलस्वाराला धोका म्हटला की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर मागून येणारी भरधाव गाडीच येते. तो धोका खराच आहे. २८ फेब्रुवारी २०२४ रोजी पहाटे नवी मुंबईच्या पाम बीच मार्गावर इंटेल इंडियाचे माजी प्रमुख अवतार सैनी यांचा मागून आलेल्या टॅक्सीच्या धडकेने मृत्यू झाला, तेव्हापासून माझ्या ओळखीच्या काही जणांनी तिकडे सायकल नेणेच सोडले. मात्र ठाण्यातल्या घोडबंदर रस्त्याच्या सेवा रस्त्यावर, जिथे मेट्रो ४ च्या कामामुळे जागा आक्रसलेली आणि वाहने खोळंबलेली असतात, तिथला धोका निराळ्या जातीचा आहे. मोटार सायकलला ओलांडून पुढे जाते आणि लगेच डावीकडच्या सोसायटीच्या किंवा पेट्रोल पंपाच्या फाटकात वळते. चालकाच्या हिशेबी सायकल मागे पडलेली असते. प्रत्यक्षात ताशी २० किलोमीटर वेगाची सायकल सेकंदाला साडेपाच मीटर अंतर कापत असते, आणि वळण्यासाठी मोटारीचा वेग १५ पर्यंत उतरला की ती पुन्हा मोटारीच्या डाव्या अंगाला येऊन पोचते. नेमकी त्या वेळी ती डाव्या आरशातही धड दिसत नाही. वळताना मोटारीची मागची चाके पुढच्या चाकांपेक्षा आतून फिरतात, त्यामुळे सायकलस्वाराला निसटायला जी थोडी फट उरलेली असते तीही बंद होते.

कामावर जाताना माझ्या बाबतीत हेच घडले. एका पांढऱ्या मोटारीने मला ओलांडले, दिवा न दाखवता ती एका सोसायटीच्या फाटकात वळली, आणि मी तिच्या डाव्या दारावर आदळून उजव्या हातावर पडले. मोटारीला पोचा आला नव्हता. तिच्या दारावर माझ्या हँडलच्या रबरी मुठीचा काळा, हातभर लांबीचा घासा उमटला होता आणि डावा आरसा आत दुमडला गेला होता, एवढाच काय तो पुरावा. ओल्या फडक्याने पुसला असता तर तोही दिसला नसता. दोन मोटारी एकमेकींवर आदळल्या तर दोघींच्या पत्र्यावर खुणा राहतात. सायकल आणि मोटार यांच्या धडकेत मात्र जे काही मोडते ते सायकलस्वाराच्या बाजूलाच मोडते, गाडी जशीच्या तशी निघून जाते, आणि पाहणाऱ्याला दिसते ते एवढेच की सायकल घेऊन कोणीतरी पडले आहे.

चालक पळून गेला नाही, हे त्याच्या बाजूने नोंदवले पाहिजे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १३४ नुसार जखमीला उपचार मिळवून देणे आणि पोलिसांना कळवणे ही चालकाचीच जबाबदारी आहे. त्यांतली पहिली त्याने पार पाडली. दुसरी सोयीस्करपणे विसरली. रुग्णालयात मी मनगट धरून बाकावर बसले असताना टेबलापाशी माहिती तो देत होता, आणि ‘सायकलवरून पडल्या’ हे त्याचे बोलणे तिथल्या डॉक्टरांनी जसेच्या तसे उतरवून घेतले. डिस्चार्ज कार्ड हातात पडले तेव्हा मला हे कळले. पडून झालेली दुखापत म्हटली की एमएलसी, म्हणजे पोलिसांकडे जाणारी वैद्यकीय-कायदेशीर नोंद, करावी लागत नाही, पोलिसांना कळवावे लागत नाही आणि पुढे डॉक्टरांना साक्षीसाठी कोर्टात हेलपाटे घालावे लागत नाहीत. त्यामुळे असा मजकूर रुग्णालयालाही परवडतो, असे माझे मत झाले आहे आणि ते बदलण्यासारखे अजून काही घडलेले नाही.

तो कागद घेऊन मी पोलीस ठाण्यात गेले. ठाणे अंमलदारांनी तो शांतपणे वाचला आणि म्हणाले, “ताई, यात तर तुम्ही स्वतःच पडलात असं लिहिलंय. आम्ही गुन्हा कुणावर दाखल करायचा? दवाखान्यातून दुरुस्त करून आणा, मग बघू.” रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागाची खिडकी दुपारी थोडाच वेळ उघडते आणि तिच्या काचेला हात जाईल एवढेच भोक आहे. आतल्या बाई पट्टी ठेवून रजिस्टरात ओळी आखत होत्या, त्यांनी मान वर न करता सांगितले, “पोलिसांचं पत्र असल्याशिवाय जुन्या कागदाला हात लावता येत नाही, मॅडम.” पोलीस म्हणत होते की पत्र द्यायला आधी गुन्हा किंवा निदान एमएलसी हवी, रुग्णालय म्हणत होते की एमएलसीसाठी आधी पोलिसांचे पत्र हवे. प्लॅस्टरमधला हात गळ्यात अडकवून मी या दोन खिडक्यांमध्ये किती काळ चकरा मारल्या ते आठवले तरी आजही माझे डोके तापते. संबंधित साहेब रजेवर असणे, शिक्का दुसऱ्या कपाटात असणे, अर्ज मराठीत दिला म्हणून इंग्रजीत मागणे आणि इंग्रजीत दिला म्हणून सहीची जागा चुकली असे सांगणे, हे सारे प्रकार मी पाहिले. उद्धट कोणीच वागले नाही. प्रत्येकाने अत्यंत सौजन्याने मला समोरच्याकडे पाठवले.

या ठिकाणी रुग्णालयाचे एक म्हणणे बरोबर होते, आणि ते लक्षात आल्यावरच वाट सापडली. वैद्यकीय कागदावरचा मूळ मजकूर खोडणे किंवा बदलणे गैरच आहे. तशी खाडाखोड झाली असती तर विमा कंपनीच्या वकिलाने तीच माझ्याविरुद्ध वापरली असती. म्हणून ‘नोंद दुरुस्त करा’ हे शब्द मी अर्जातून काढून टाकले. वैद्यकीय अधीक्षकांच्या नावाने नवा अर्ज लिहिला, त्यात मूळ ओळ तशीच ठेवून तिच्याखाली आजच्या तारखेने, डॉक्टरांच्या सहीने माझा जबाब पुरवणी म्हणून लिहावा आणि आधीची माहिती कोणी दिली होती याचा उल्लेख करावा, एवढीच मागणी केली. सोबत दारावरच्या काळ्या घाशाचे, क्रमांकाची पाटी दिसेल असे छायाचित्र जोडले. ते सोसायटीच्या पहारेकऱ्याने माझ्या मोबाइलवर काढून ठेवले होते आणि त्याचे उपकार मी विसरणार नाही. अर्ज आवक विभागात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्क्यानिशी पोच घेतली. पोच घेतलेला कागद बोलक्या माणसापेक्षा जास्त काम करतो.

त्याच वेळी पोलिसांकडेही दुसरी वाट धरली. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) नुसार, पोलीस ठाण्याने तक्रार नोंदवून घेण्यास नकार दिला तर ती लेखी स्वरूपात टपालाने वरिष्ठांकडे पाठवता येते आणि तिथेही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येते. जिल्ह्यात हे वरिष्ठ म्हणजे पोलीस अधीक्षक. ठाण्यासारख्या आयुक्तालयात मी ती तक्रार परिमंडळाच्या उपायुक्तांना स्पीड पोस्टने पाठवली आणि पावती जपून ठेवली. रुग्णालयाची पुरवणी नोंद आधी मिळाली की पोलीस ठाण्यातून फोन आधी आला हे महत्त्वाचे नाही. दोन्ही ठिकाणी नंतर मला असेच सांगण्यात आले की, “तुमचं काम तर आम्ही कधीच करून ठेवलं होतं.” डॉक्टरांनी लिहिले होते: ‘रुग्णाच्या जबाबानुसार डावीकडे वळणाऱ्या मोटारीची धडक, पूर्वीची माहिती सोबत आलेल्या व्यक्तीने दिलेली.’ हे वाचून मला जेवढा आनंद झाला तेवढा प्लॅस्टर निघाले तेव्हाही झाला नाही.

त्यानंतर भारतीय न्याय संहितेच्या कलम २८१ (बेदरकारपणे वाहन चालवणे) आणि १२५(ब) (बेदरकारपणामुळे गंभीर दुखापत) खाली गुन्हा नोंदवला गेला. हाड मोडणे ही कायद्याच्या व्याख्येतच गंभीर दुखापत आहे. जागेचा पंचनामा, गाडीची तपासणी, जबाब हे सारे सुरळीत पार पडले. माझ्या स्वतःच्या मेडिक्लेमचे पैसेही विनासायास मिळाले, आणि मला वाटते की बरेच लोक तिथेच थांबतात. मात्र मेडिक्लेम रुग्णालयाचे बिल देतो. बुडालेला पगार आणि मोडलेली सायकल यांची भरपाई तो करत नाही.

नुकसानभरपाईचा मार्ग आता कागदावर तरी पूर्वीपेक्षा सोपा आहे. १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेल्या नियमांनुसार तपासी अंमलदाराने अपघाताचा प्राथमिक अहवाल ४८ तासांत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असतो आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत. जखमीला त्याचे हक्क सांगणारा नमुना क्रमांक दोन १० दिवसांत मिळायला हवा. मला तो मागितल्यावर मिळाला, तेव्हा तुम्हीही मागा. पोलिसांचा अहवाल हाच दाव्याचा अर्ज म्हणून धरता येतो, तरीही मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली स्वतंत्र अर्ज करायचा असेल तर कायद्यात मुदत अपघातापासून सहा महिन्यांची आहे, आणि दोन खिडक्यांमध्ये फिरताना ती मुदत हळूहळू संपत असते याची भीती मला सर्वांत जास्त वाटत होती. रस्ता अपघातातील जखमींसाठी २०२५ मध्ये आलेली दीड लाख रुपयांपर्यंतच्या विनारोख उपचारांची केंद्राची योजनाही मोटार वाहनामुळे झालेल्या अपघातासाठीच आहे. ‘घसरून पडल्या’ असा कागद असलेल्या माणसाला तिचा काय उपयोग?

मधल्या काळात चालकाचा फोन आला होता. सायकलच्या दुरुस्तीचे पैसे देतो, प्रकरण मिटवून टाकू, नोकरीचा प्रश्न आहे, असे तो काकुळतीने म्हणाला. भिडेपोटी अशा वेळी आपण विरघळतो. परंतु तृतीय पक्ष विमा प्रत्येक मोटारीला सक्तीचा आहे, सायकलस्वार हा त्यातला तृतीय पक्षच आहे आणि विमा चालू असेल तर भरपाई चालकाच्या खिशातून नव्हे, विमा कंपनीकडून येते. हे मी त्याला समजावले तेव्हा तोही थोडा सैलावला. गाडीचा विमा चालू आहे की नाही हे एमपरिवहन ॲपवर क्रमांक टाकून पाहता येते. मी ते त्याच्याशी बोलण्याआधीच पाहिले होते.

सोसायटीच्या कॅमेऱ्याचे सांगायचे राहिले, आणि ते खरे तर सर्वांत आधी करायचे काम आहे, कारण जुने चित्रण काही दिवसांत नव्याखाली पुसले जाते. सचिवांनी पोलिसांच्या पत्राशिवाय प्रत देण्यास नकार दिला, आणि ते योग्यच होते. मी मात्र प्रत न मागता, त्या सकाळचे चित्रण पोलीस मागतील तोपर्यंत सांभाळून ठेवावे असे लेखी पत्र देऊन पोच घेतली, आणि पंचनाम्याच्या वेळी ते जागेवर मिळाले. गटाने सायकल चालवणाऱ्यांना निदान साक्षीदार तरी असतात. एकट्याने जाणाऱ्याला असा कॅमेरा आणि एखादा भला पहारेकरी यांच्यावरच विसंबावे लागते. उभ्या मोटारीचे दार अचानक उघडून सायकलस्वार पडला असेल तर ‘गाडी तर उभीच होती’ हे ऐकावे लागते. त्यावर लक्षात ठेवावे की उभ्या वाहनाचाही ‘वापर’ होत असू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्येच मान्य केले आहे.

आता दाव्याला कोर्टनाक्यावरच्या ठाणे न्यायालयात क्रमांक पडला आहे आणि तारखा चालू आहेत. सायकल पोलीस ठाण्याच्या आवारात जप्त मोटारसायकलींच्या ढिगाला टेकून उभी होती. ती ताब्यात घेताना मालकी सिद्ध करायला सांगितले गेले, आणि सायकलला मोटारीसारखे नोंदणी पुस्तक नसते. खरेदीचे बिल आणि पायडलच्या आसाखाली सांगाड्यावर कोरलेला क्रमांक जुळल्यावरच हमीपत्र लिहून घेऊन ती मला दिली गेली. दुकानदाराने तुमच्या बिलावर तो क्रमांक लिहिला नसेल, तर सायकल उलटी करून त्याचे छायाचित्र काढून ठेवावे.