तुम्ही विचारलंत म्हणून: डिजिटल गेमचा साठा संपत नाही, तरी मी प्री-ऑर्डर का करते

प्रश्न तोच असतो, विचारणारा फक्त बदलतो. "नेटवरून उतरवायची डिजिटल कॉपी काय संपणारे का? मग आधीच पैसे कशाला भरतेस?" आणि असं विचारणारीच माणसं पुढे कधीतरी रात्री बाराला मेसेज करतात की अगं ते प्रीलोड कसं करायचं, पैसे गेलेत, गेमवर कुलूप दिसतंय, सुरूच होत नाहीये. दोन्हीची उत्तरं मी तुकड्यातुकड्यात इतक्या जणांना देऊन झालीत की आता एकदाच सगळं लिहून टाकते, पुढच्या वेळी हेच पाठवेन.

तर आधी सोपं. प्री-ऑर्डर आणि प्रीलोड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि निम्मा घोळ हे न कळल्यामुळे होतो. प्री-ऑर्डर म्हणजे लायसन्स, तुमच्या अकाउंटवर नोंद होते की हा गेम यांचा. प्रीलोड म्हणजे नुसता डेटा. तो एन्क्रिप्ट केलेला येतो, म्हणजे पेटी दोन दिवस आधी घरी येऊन पडते आणि किल्ली रिलीजच्या क्षणी सर्व्हरवरून मिळते. म्हणून कन्सोलचं, म्हणजे गेम खेळायच्या यंत्राचं, घड्याळ पुढे करून काही होत नाही, कृपया ते विचारू नका. आणि पहिल्यांदा सुरू करताना नेट चालू ठेवा.

प्रीलोड करायचा म्हणजे फार काही करायचं नसतं. सोनीच्या प्लेस्टेशनवर प्री-ऑर्डर करताना ऑटो-डाउनलोड चालू ठेवलं आणि कन्सोल रेस्ट मोडमध्ये (पूर्ण बंद न करता झोपवून) नेटला जोडलेला असला की साधारण दोन दिवस आधी तो आपोआप उतरायला लागतो, काही मोठ्या गेमना आठवडाभर आधीही मिळतं. एक्सबॉक्सवर तर बऱ्याच गेमचा डेटा विकत न घेताच मोबाईल अ‍ॅपवरून आधी उतरवून ठेवता येतो, आणि तिथे माझं अर्धं म्हणणं गळून पडतं हे मला मान्य आहे. तुमच्याकडे ती सोय असेल तर आधी पैसे भरू नका, डेटा उतरवा, परीक्षणं वाचा, मग ठरवा. पण सगळीकडे ती सोय नाही. जिथे नाही तिथे प्रीलोड हवा असेल तर प्री-ऑर्डर करावी लागते, आणि मी प्री-ऑर्डर करते ती एवढ्याचसाठी. बोनसमध्ये मिळणारे कपडे, तलवारीला सोनेरी मूठ, यातलं काही मला नको असतं.

"मग रिलीजच्या दिवशी घे ना, काय बिघडतं?" बिघडतं ते वेळेचं. १०० जीबीचा गेम ५० एमबीपीएसच्या लाइनवर, लाइन पूर्ण वेग देत असेल तरी, साडेचार तास घेतो, आणि २० एमबीपीएसवर अकरा तास. (एमबीपीएसमधला बी हा बिटचा असतो, बाइट हवे असतील तर आठने भागायचं, हेही दर वेळी सांगावं लागतं.) रिलीजच्या रात्री जगभरातले लोक तेच डाउनलोड करत असतात त्यामुळे पूर्ण वेग मिळेलच असं नाही. ज्याच्याकडे पुढचा आठवडा मोकळा आहे त्याला हे अकरा तास म्हणजे काहीच नाही. माझा धाकटा भाऊ जहाजावर काम करतो. तो घरी असतो तेव्हा असतो, नसतो तेव्हा महिनोन्‌महिने नसतो, आणि जहाजावरचं नेट मेसेजपुरतं. तो त्याच्या घरी, मी माझ्या घरी, कानाला हेडसेट लावून लहानपणासारखं एकत्र खेळायचं म्हटलं तर मधले अकरा तास कुठून आणायचे?

आता ती रात्र सांगते, कारण दर वेळी "एकदा फसलीस ना, तरी?" असं म्हणून लोक तिच्याकडेच बोट दाखवतात आणि नीट माहीत कोणालाच नाही. कुठला कन्सोल, कुठला गेम ते सांगणार नाही, त्याचा इथे संबंध नाही.

दोघांनी मिळून खेळायचा गेम होता, पहिल्या भागावर आम्ही वाढलो होतो असं म्हटलं तरी चालेल. दुसरा भाग बरोब्बर त्याच्या सुट्टीच्या शेवटच्या रात्री येत होता. सकाळी सहाला त्याची गाडी यायची होती. म्हणजे बारा ते सहा, तेवढंच. दोघांनी प्री-ऑर्डर केली, दोघांचा प्रीलोड आदल्या दिवशीच पूर्ण झाला, त्याने मला स्क्रीनचा फोटो पाठवला, मी त्याला पाठवला, दोन्हीकडे उलटी मोजणी चालू होती. संध्याकाळी त्याची बॅग भरून झाली. पावणेबाराला आम्ही हेडसेट लावून बसलो.

बाराला कुलूप निघालं आणि त्याच जागी अपडेट आलं. डे-वन पॅच, म्हणजे पहिल्याच दिवशीचं दुरुस्तीचं अपडेट. आता मला माहितीये की गेम गोल्ड झाला, म्हणजे शेवटची आवृत्ती तयार करून पुढे पाठवली, की त्यानंतरही टीम काम करतच असते आणि त्या मधल्या आठवड्यांतल्या सगळ्या दुरुस्त्या या पॅचमध्ये येतात, कधी तो प्रीलोडबरोबरच उतरतो आणि कधी रिलीजच्या मिनिटाला वेगळा येतो. आमचा वेगळा आला. लहान नव्हता, आणि नको म्हटलं तर ऑनलाइन एकत्र खेळता येत नव्हतं, कारण दोघांची आवृत्ती तीच लागते. डाउनलोड रखडत रखडत दीडच्या पुढे गेलं. आम्ही म्हटलं ठीक आहे, साडेचार तास राहिले.

मग कॉपी सुरू झाली. जुन्या पिढीच्या कन्सोलवर ज्यांनी गेम अपडेट केलेत त्यांना कळेल मी काय म्हणतेय. पॅच नुसता उतरून भागायचं नाही, तो आधीच्या डेटात बसवताना सगळा गेम हार्ड डिस्कवर पुन्हा लिहिला जायचा, आणि त्यासाठी जवळपास तेवढीच मोकळी जागा लागायची. माझ्याकडे होती. त्याच्याकडे नव्हती. कॉपी अर्ध्यात थांबली आणि जागा कमी असल्याचा मेसेज आला, मग तो एकेक गेम उडवत बसला आणि मला वाचून दाखवत होता, "ताई, हा उडवू?" उडव. "हा?" उडव रे. मग त्याची कॉपी पुन्हा शून्यापासून.

माझा गेम तीनच्या सुमाराला तयार झाला. शीर्षकाचं पान, मागे संगीत, "स्टार्ट" दाबा. मी दाबलं नाही. हेडसेटमधून त्याला ते संगीत ऐकू येत होतं, त्याने सांगितलं आवाज बंद कर.

हे ऐकल्यावर लोक मला म्हणतात की निदान रात्रभर गप्पा तरी झाल्या असतील. नाही झाल्या. तो टक्के बघत होता, मी त्याचे टक्के विचारत होते, दोघंही चिडलेले. चारला तो म्हणाला, तू खेळ एकटी, मी झोपतो, आणि मी म्हटलं झोप मग, आणि दोघंही जागेवरून हललो नाही. साडेपाचला तो उठला आणि आंघोळीला गेला. कॉपी तेव्हाही चालूच होती.

जाताना म्हणाला, मी येईपर्यंत सुरू करू नकोस. मी नाही केला. सगळीकडे त्याच गेमची चर्चा, शेवट काय होतो त्याचे फोटो, मी डोळे चुकवत दिवस काढले. आणि तिकडे जहाजावर कोणीतरी मोबाईलवर उतरवून आणलेला शेवटाचा व्हिडिओ लावला आणि तो तिथेच जेवत बसलेला होता. परत आल्यावर आम्ही गेम सुरू केला, तिसऱ्या प्रकरणापर्यंत गेलो, मग त्याने कंट्रोलर ठेवला, म्हणाला आता काय मजा. तो गेम आमचा आजही अर्धवट आहे.

आता सांगा, यात फसवलं कोणी? पैसे बुडले नाहीत, गेम चांगला होता, प्रीलोड वेळेत झाला होता. म्हणून "एकदा फसलीस ना" म्हटलं की मला राग येतो. मी फसले नाही, माझी एक रात्र गेली, आणि प्रीलोड नसता तर त्या रात्रीची आशासुद्धा नसती.

पण हे लिहितानाच मला माझीच जुनी मी ऐकू येते. ती प्री-ऑर्डरच्या ठाम विरोधात होती आणि तिचे मुद्दे अजून पडलेले नाहीत. ती म्हणेल, आशा विकत घेतलीस म्हणजे त्यांना हवं तेच केलंस. ती सायबरपंक २०७७ चं नाव काढेल. ८० लाख प्री-ऑर्डरी झालेल्या, १० डिसेंबर २०२० ला गेम आला, जुन्या कन्सोलवर इतका वाईट चालला की आठवडाभरात सोनीने तो स्टोअरवरून काढला, पैसे परत देऊ केले, आणि स्टोअरवर परत यायला २१ जून २०२१ उजाडला. त्या लोकांनी परीक्षणं न वाचता पैसे दिले होते, आणि पुरेसे पैसे आधीच आले की गेम पूर्ण करायची घाई कोणाला राहते? याला माझ्याकडे उत्तर नाही. उलट उदाहरण माझ्याकडे आहे: एप्रिल २०२० मध्ये द लास्ट ऑफ अस पार्ट २ बेमुदत पुढे ढकलला तेव्हा डिजिटल प्री-ऑर्डरचे पैसे परत केले गेले आणि गेम १९ जूनला आला. म्हणजे आधी दिलेले पैसे नेहमी बुडतात असं नाही. पण परत मिळणं हा उपकार म्हणून आहे की हक्क म्हणून, हा तिचा पुढचा प्रश्न, आणि तो बरोबर आहे. निंटेन्डो या कन्सोल कंपनीच्या स्टोअरवर युरोपात एकदा डिजिटल प्री-ऑर्डर केली की रद्दच करता येत नव्हती. २०१८ मध्ये नॉर्वेच्या ग्राहक परिषदेने त्यावर बोट ठेवलं आणि २०२० मध्ये रिलीजच्या सात दिवस आधीपर्यंत रद्द करायची सोय आली. भांडल्याशिवाय आली नाही.

आणि एक गोष्ट तर मला स्वतःलाच खटकते. प्लेस्टेशनचा नियम असा: रिलीजच्या १४ दिवसांहून आधी ऑर्डर केली असेल तर रिलीजपर्यंत रद्द करता येते, त्यानंतर केली असेल तर पैसे भरल्यापासून १४ दिवस, पण मुख्य डेटा डाउनलोड व्हायला लागला नसेल तरच. म्हणजे मी शेवटच्या दिवसांत ऑर्डर करते ती ज्या प्रीलोडसाठी, तोच प्रीलोड सुरू झाला की माझं परतीचं दार बंद. ऑटो-डाउनलोड चालू असेल तर ते दार आपण झोपेत असताना बंद होतं. म्हणून मन डळमळत असेल तर ऑटो-डाउनलोड बंद ठेवा, परीक्षणं बहुतेक वेळा रिलीजच्या एक-दोन दिवस आधी येतात, ती वाचा आणि मग हाताने सुरू करा. परीक्षणं रिलीजच्या क्षणापर्यंत रोखून धरली असतील तर माझ्यासाठी तेवढंच पुरे, मी सोडून देते, भाऊ घरी असला तरी.

बाकी त्या रात्रीनंतर मी काय बदललं तर दोघांच्या कन्सोलवर गेमच्या दुप्पट जागा मोकळी. नव्या कन्सोलवर कॉपीचा तो त्रास पुष्कळ कमी झालाय पण जागेचा नाही, प्लेस्टेशन ५ च्या पहिल्या मॉडेलवर ८२५ जीबी लिहिलेलं असतं आणि वापरायला मिळतात ६६७, एक्सबॉक्स सिरीज एसवर ५१२ पैकी ३६४. तिथे तीन मोठे गेम बसले की संपलं. दुसरं, पॅच प्रीलोडमध्ये धरलाय का हे आवृत्तीचा नंबर बघून आदल्या दिवशी तपासायचं. तिसरं, अनलॉकची वेळ. काही गेम ज्याच्या त्याच्या मध्यरात्री उघडतात (न्यूझीलंडमध्ये मध्यरात्र आपल्या आधी होते, म्हणूनच एक्सबॉक्सवर रीजन न्यूझीलंड करून आधी खेळणारे लोक आहेत) आणि काही जगभर एकाच क्षणी, मग तो क्षण तुमच्याकडे पहाटेचा असो की दुपारचा. आणि भाऊ घरी नसेल तर प्री-ऑर्डर करतच नाही. हे मात्र विचारणाऱ्यांना कधी दिसत नाही.

सध्या अडकलेय ती वेगळ्याच ठिकाणी. एक गेम येतोय, दोघांनी खेळायचा, आणि तो रिलीज होतोय भाऊ गेल्यानंतर दोन दिवसांनी. डीलक्स एडिशन, म्हणजे त्याच गेमची महागडी आवृत्ती, घेतली तर तीन दिवस आधी खेळायला मिळतो. स्टारफील्डच्या वेळी हेच झालं होतं, गेम ६ सप्टेंबर २०२३ चा, जास्त पैसे भरणाऱ्यांना १ तारखेपासून. तेव्हा मीच सगळ्यांना सांगत फिरत होते की हा लवकर प्रवेश नाही, बाकीच्यांना मुद्दाम उशिरा आत सोडलं जातंय, यावर पैसे घालू नका. मला अजूनही तसंच वाटतं. आणि तरी हिशेब केला तर त्याच्या जाण्याआधीची एक रात्र त्यात बसते.

त्याला अजून सांगितलेलं नाही. आधी तो मध्यरात्री उघडणार की जगभर एकाच वेळी ते जाहीर होऊ दे, कारण एकाच वेळी असेल तर तीही रात्र बसत नाही.