बालरोग की मेडिसिन: बाराव्या वाढदिवसानंतरचा केसपेपर

माझ्या मुलीला दमा आहे आणि पाच वर्षांपासून आम्ही सोलापुरातल्या एका मोठ्या रुग्णालयाच्या बालरोग ओपीडीत तिला नियमितपणे दाखवत आलो आहोत. डिसेंबरमध्ये तिला बारा वर्षे पूर्ण झाली आणि जानेवारीतल्या पहिल्याच तपासणीच्या दिवशी केसपेपरच्या खिडकीवर मला सांगण्यात आले की ही मुलगी आता बालरोग विभागाची नाही. त्यानंतर तिला पुन्हा तिच्या डॉक्टरांसमोर बसवायला मला तीन मंगळवार आणि अडीच दिवसांची रजा लागली. ज्या पालकांची मुले दहा-अकरा वर्षांची आहेत आणि एखाद्या दीर्घ आजारासाठी ओपीडीत जातात, त्यांच्यासाठी मी हे मुद्दाम लिहून ठेवत आहे.

आजार कळला तो शाळेच्या तपासणीत. ती दुसरीत असताना राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक शाळेत आले होते. त्यांनी तिच्या छातीतली घरघर ऐकली आणि संदर्भ चिठ्ठी दिली. चिठ्ठीवरून नोंदणी झाली, निदान झाले, इनहेलर आणि स्पेसर (इनहेलरला जोडायची पोकळ नळी) सुरू झाला. आमचे घर पूर्व भागात यंत्रमागांच्या शेजारी असल्याने खिडकीच्या गजांवरसुद्धा सुताची लव साचते. डॉक्टरांनी पहिल्याच दिवशी त्याबद्दल बारकाईने विचारले आणि मागच्या बाजूची खिडकी बंद ठेवायला सांगितली. पुढची साडेचार वर्षे तिसरीतली एक रात्र सोडली तर सुरळीत गेली, त्याविषयी सांगण्यासारखे फारसे नाही.

जानेवारीच्या त्या मंगळवारी मी सकाळी साडेआठलाच रांगेत उभी राहिले होते, कारण मंगळवार हा आमच्या युनिटचा, म्हणजे डॉक्टरांच्या गटाचा, दिवस असतो. (ज्या युनिटने पहिल्यांदा तपासले त्याच युनिटच्या वारी गेले, तर मुलाला ओळखणारे डॉक्टर भेटतात. दुसऱ्या दिवशी गेले तर सगळा इतिहास पहिल्यापासून सांगावा लागतो.) आमचा नंबर आला. खिडकीमागच्या कर्मचाऱ्याने जन्मतारीख पाहिली, संगणकाचा पडदा माझ्याकडे थोडा वळवला आणि म्हणाला, "ताई, बारा पूर्ण झाली की बालरोग येतच नाही बघा इथं. मेडिसिनचा पेपर देतो." मी जुनी फाईल पुढे केली, पाच वर्षांचे कागद दाखवले. त्याने ते पाहिलेही, पण संगणकात विभाग बदलण्याची सोय त्याच्या हातात नव्हती. मागे रांग वाढत होती, म्हणून मी मेडिसिनचा, म्हणजे मोठ्या माणसांच्या विभागाचा, पेपर घेऊन निघाले, आणि तिथेच माझी चूक झाली.

मेडिसिनच्या ओपीडीत आम्ही पावणेदोन तास बसलो. आजूबाजूला सगळी वयस्कर माणसे, कोणी मधुमेहाचे, कोणी रक्तदाबाचे. माझी मुलगी शाळेच्या गणवेशात त्यांच्यामध्ये अंग चोरून बसली होती. शेजारच्या एका आजींनी तिला तेलुगूत काही विचारले आणि मग स्वतःच मराठीत म्हणाल्या, "एवढी लहान लेक, इकडं कशाला आणली?" आत गेल्यावर तरुण डॉक्टरांनी फाईल चाळली, छाती तपासली आणि नेमका तोच प्रश्न विचारला. ही मुलगी बालरोग विभागाकडे असायला हवी, तिचे डोस त्यांनी ठरवलेले आहेत, तेच बदलतील, असे ते म्हणाले. त्यांचे म्हणणे योग्य होते. पण त्यांनी ते फक्त तोंडी सांगितले आणि मीही लिहून मागितले नाही.

आम्ही बालरोगच्या दारात आलो. दारातल्या सिस्टरांनी मुलीला ओळखले, हसून तिची विचारपूसही केली. पण पेपर मेडिसिनचा आहे, त्यावर बालरोगचे डॉक्टर लिहू शकत नाहीत, खिडकीवरून बदलून आणा, असे सांगितले. खिडकीवर परत गेले तेव्हा नोंदणीची वेळ संपली होती आणि काच ओढून घेतलेली होती. त्या दिवशी कोणीही माझ्याशी उद्धटपणे बोलले नाही. प्रत्येकाने आपापल्या जागेवरून बरोबर तेच सांगितले आणि तरीही सकाळी साडेआठपासून आलेली मुलगी दुपारी एक वाजता तपासणीशिवाय घरी परतली, याचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

त्या रात्री मी तिचा इनहेलर हातात घेतला. मागच्या बाजूच्या मोजणीच्या छोट्या खिडकीत १२ हा आकडा होता. सकाळी दोन आणि रात्री दोन असे दिवसाला चार पफ ती घेते, म्हणजे औषध तीन दिवसांचे उरले होते आणि युनिटचा पुढचा दिवस आठवड्यानंतर होता. जुन्या चिठ्ठीवर बाहेरच्या मेडिकलमधून एक इनहेलर विकत घेतला. मी गणवेश शिवणाऱ्या एका कारखान्यात हिशेब लिहिते. एक इनहेलर आम्हाला परवडला, पण त्या रांगेत विडी वळणाऱ्या कितीतरी आया मुलांना घेऊन उभ्या असतात. त्यांच्यापैकी एखादीला तो परवडला नसता, तर तिच्या मुलाचे औषध तिथेच तुटले असते. दम्यात रोजचे औषध बंद पडणे किती महागात पडते, हे आम्ही तिसरीच्या वर्षी एका रात्रीत अनुभवले आहे.

इथे एक गोष्ट आठवली ती सांगते: इनहेलरचा आकडा ४० वर आला की पुढच्या तपासणीची तारीख पाहून ठेवावी. आम्ही आता तसेच करतो.

दुसऱ्या मंगळवारी मी आधी मेडिसिनमध्येच गेले आणि बालरोग विभागाकडे पाठवत असल्याचे लेखी मागितले. ते मिळाले. खिडकीवर सांगण्यात आले की यावर बालरोग विभागाची संमती हवी. बालरोगच्या दारात सांगण्यात आले की संमती वरिष्ठ डॉक्टर देतील आणि ते राउंडला गेले आहेत. मी बाकावर बसून राहिले. मुलीची त्या आठवड्यात घटक चाचणी होती, म्हणून तिने तिथेच विज्ञानाचे पुस्तक उघडले. वरिष्ठ डॉक्टर सव्वाबाराला आले. मी त्यांच्यासमोर फाईल ठेवून एवढेच विचारले, "सर, हिचा आजार तोच, औषध तेच, डॉक्टर तेच. मग वाढदिवसाने काय बदललं?"

या प्रश्नाचे उत्तर मी घरी बसून शोधले होते, कारण मला खरोखर जाणून घ्यायचे होते. ज्या बाल स्वास्थ्य कार्यक्रमाच्या चिठ्ठीवर आम्ही तिथे आलो, तो २०१३ मध्ये सुरू झाला आणि तो जन्मापासून अठरा वर्षांपर्यंतच्या मुलांसाठी आहे. त्यात तपासायच्या तीस व्याधींमध्ये श्वासनलिकांचा हा आजारही आहे. बालरोगतज्ज्ञांच्या अखिल भारतीय संघटनेची भूमिकाही अठरा वर्षांपर्यंतची मुले त्यांच्याकडे असावीत अशीच आहे. बारा हा आकडा रुग्णालयांच्या सोयीतून आला आहे. दम्यात तर वय हे एकमेव माप नव्हे. फुंकर मारून श्वासाचा वेग मोजायचे जे नळीसारखे यंत्र असते, त्यावरचा आकडा मुलाच्या उंचीशी ताडून पाहतात. श्वासातून घ्यायच्या स्टिरॉइडने वाढ किंचित मंदावू शकते, म्हणून बालरोगमध्ये दर वेळी भिंतीच्या पट्टीला उभे करून उंची लिहितात. मेडिसिनच्या खोलीत तिची उंची कोणी मोजली नाही, कारण तिथल्या रुग्णांना त्याची गरजच नसते.

वरिष्ठ डॉक्टरांनी वाद घातला नाही. त्यांनी फाईलच्या पहिल्या पानावर लाल पेनने दोन ओळी लिहिल्या, की ही जुनी रुग्ण असून तिची पुढील तपासणी बालरोग विभागातच व्हावी, आणि खाली सही, तारीख व शिक्का दिला. त्या दिवशीची नोंदणी मात्र तोपर्यंत बंद झाली होती. तिसऱ्या मंगळवारी तोच कागद खिडकीवर दाखवला, कर्मचाऱ्याने आत जाऊन कोणाला तरी विचारले आणि चार मिनिटांत बालरोगचा पेपर माझ्या हातात आला. तो हातात घेताना मला अक्षरशः रडू आले.

म्हणून पालकांनी हे काम वाढदिवसाच्या आधीच्या तपासणीतच करून घ्यावे. डॉक्टरांना स्वतःहून सांगावे की पुढच्या वेळी वय पूर्ण होत आहे आणि त्या दोन ओळी शिक्क्यासह मागून घ्याव्यात. त्या पानाचा फोटो मोबाईलमध्ये ठेवावा. खिडकीवर चुकीच्या विभागाचा पेपर मिळाला, तर तो न घेता तिथेच थांबावे, कारण एकदा पेपर निघाला की त्या दिवसापुरते काही बदलत नाही. आभाच्या (सरकारच्या डिजिटल आरोग्य खात्याच्या) क्यूआरने टोकन लवकर मिळते, त्याचा उपयोग होतो. पण विभागाचा प्रश्न त्याने सुटत नाही. इनहेलर आणि स्पेसर दोन्ही बरोबर न्यावेत, म्हणजे मूल औषध कसे घेते हे डॉक्टरांना पाहता येते. आमच्या वेळी त्यातूनच कळले होते की मी स्पेसर धुऊन फडक्याने पुसत होते. तो साबणाच्या पाण्यात धुऊन तसाच वाळू द्यायचा असतो, पुसल्याने औषध आतल्या बाजूला चिकटून राहते.

आणखी एक गोष्ट मला या धावपळीत जाणवली. तिसऱ्या मंगळवारी डॉक्टरांनी मला गप्प बसायला सांगून सगळे प्रश्न मुलीलाच विचारले. रात्री खोकला येतो का, खेळाच्या तासाला थांबावे लागते का, औषध चुकते का. तिने सांगितले की शाळेच्या सहलीत मैत्रिणींसमोर नको म्हणून दोन दिवस तिने औषध घेतलेच नव्हते. हे मला माहीत नव्हते. पाच वर्षांच्या ओळखीच्या डॉक्टरांसमोर ती ते सहज बोलली.

मग तिने उभे राहून त्या नळीसारख्या यंत्रात तीनदा फुंकर मारली: २४०, २६०, २५०. सर्वांत मोठा आकडा लिहायचा असतो, म्हणून पेपरवर २६० लिहिले गेले, शेजारी १४२ सेंटिमीटर उंची आणि खाली पुढची तारीख. तीही मंगळवारचीच आहे.