उजेड कुठून येतोय?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. माहितीपट आणि ऐतिहासिक चित्रपट, दोन्हींसाठी कॅमेरा कसा चालवता? एकीकडे सगळं खरं, दुसरीकडे सगळं उभं केलेलं! हा प्रश्न मला नेहमी येतो. माझ्या लेखी दोन्हीकडे पहिलं काम एकच: या खोलीत उजेड कुठून येतोय ते पाहणं.

माहितीपटात तो असेल तसा घ्यायचा. माणूस खिडकीपाशी काम करत बसला असेल तर त्याला हलवायचं नाही, आपण हलायचं. असं वर्षानुवर्षं केलं की कळतं, माणसं आपसूक उजेडाकडे सरकतात. बारीक काम दाराशी होतं; दिवा लागला की सगळे त्याच्याभोवती येतात. येणारच, कारण दिव्यापासूनचं अंतर दुप्पट झालं की उजेड चौथ्या हिश्श्यावर येतो.

हेच मी ऐतिहासिक चित्रपटात घेऊन जातो. वीज नसलेल्या काळातला महाल आणि कोपरान् कोपरा लख्ख, हे मला बघवत नाही. पोशाख कितीही अचूक असोत, काळ तिथेच मोडतो. म्हणून माझा आग्रह असतो की आधी दिवा कुठे ते ठरवू, मग पात्रं बसवू. पत्र वाचणारा दिव्याजवळच हवा. ऐकणारा अंधारात गेला तर जाऊ द्या. मेणबत्तीचं रंगतापमान, म्हणजे उजेड पिवळसर की निळसर हे सांगणारा आकडा (जितका मोठा तितका निळसर), सुमारे १९०० केल्व्हिन, भरदिवसाचं ५५०० च्या आसपास. दोन्ही एका फ्रेममध्ये आले की खिडकी निळसर दिसते. दिसू द्यावी.

दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकच्या १९७५ च्या 'बॅरी लिंडन'मध्ये छायालेखक जॉन अल्कॉटनं मेणबत्त्यांच्या उजेडात प्रसंग टिपले, एफ ०.७ च्या, म्हणजे खूप जास्त उजेड आत घेणाऱ्या लेन्सनं. अशा लेन्समध्ये स्पष्ट दिसणारं अंतर इतकं कमी की नट जरासा झुकला तरी चेहरा धूसर. त्यामुळे त्या प्रसंगांत माणसं फारशी हलत नाहीत, आणि मला तर तो स्थिरपणा त्या काळाचाच वाटतो. आजचे डिजिटल कॅमेरे इतक्या कमी उजेडात सहज चालतात. म्हणूनच जास्तीचा दिवा लावायचा मोह आवरणं आता पूर्णपणे आपल्या हाती आहे.

या कामात यायचं असेल तर आधी माहितीपट करा. तिथे 'पुन्हा एकदा' म्हणता येत नाही. खोलीत पाऊल टाकतानाच, तासाभरानं ऊन कुठे असेल, हे बघायची सवय लागते.