पंख्याचं पॅरलल, परमचं पॅरलल

गणपतीत तापकीर गल्लीतून माळा आणल्या की सोसायटीत ठरलेला प्रश्न येतो: एक दिवा गेला तर ओळच्या ओळ कशी विझते? कारण तिथे दिवे सिरीजमध्ये, म्हणजे एकाच वाटेवर एकामागून एक असतात. घरातले पंखे, ट्यूब पॅरललमध्ये, म्हणजे प्रत्येकाची वाट वेगळी. प्रत्येकाला पूर्ण 230 व्होल्ट, एक बंद पडला तरी बाकीचे सुखात. पण करंटची बेरीज होते, हे लोक विसरतात. 2000 वॉटचा गिझर एकटाच पावणेनऊ अँपिअरच्या आसपास खेचतो. त्याच लाइनवर तेवढीच इंडक्शन शेगडी लावा, वायरीतून साडेसतरा जातात. म्हणून गिझरला वेगळी लाइन टाकायचा हट्ट मी सोडत नाही.

भाची हिंजवडीत कोड लिहिते. तिचं पॅरलल म्हणजे एकच काम अनेक प्रोसेसरांत वाटून एकाच वेळी करणं, आणि तिचं दुखणं निराळं. संगणकतज्ज्ञ जीन अ‍ॅमडाल यांनी 1967 मध्येच मांडलंय: कामाचा 10 टक्के भाग एकामागून एकच होणार असेल, तर प्रोसेसर कितीही वाढवा, वेग दहापटीपुढे जात नाही. आपल्या सी-डॅक या सरकारी संगणक संस्थेचा 1991 चा 'परम 8000' हा महासंगणक ट्रान्सप्युटर नावाच्या प्रोसेसर चिपा जोडून बनवलेला. त्या चिपांना सतत एकमेकींशी बोलावं लागतं. माझ्या पंख्याला ट्यूबशी काय देणंघेणं?

"मामा, तुझं सोपंय," ती म्हणते. असेल. शॉक मात्र आम्हालाच बसतो.