गैरहजेरीत गेलेलं अपील परत उभं करताना: बीड ते संभाजीनगर

तात्यांचं, म्हणजे माझ्या चुलत्यांचं, शेताच्या वाटणीचं दुसरं अपील (म्हणजे पहिल्या अपिलाच्या निकालावरचं) हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात होतं. पुकारा झाला तेव्हा वकील हजर नव्हते. आजारपणामुळे त्यांनी वकिलीच थांबवली होती आणि तो निरोप गावापर्यंत आलाच नाही. हायकोर्टाच्या संकेतस्थळावर नंबर टाकून पाहिलं, तर अपील निकाली! मग तात्यांना घेऊन खेटे सुरू झाले.

बीडहून गेवराई, पाचोडमार्गे जाणारी पहाटेची एसटी धरा आणि सिडकोलाच उतरा. कोर्ट तिथून जवळ, जालना रोडवरच आहे. साडेदहाला कामकाज सुरू होतं, दीड ते अडीच जेवणाची सुट्टी. ओळखपत्राशिवाय जाऊ नका.

नवा वकील गाठण्याआधी संकेतस्थळावरून आदेश उतरवून घ्या आणि नीट वाचा. 'डिसमिस' या एका शब्दावर जाऊ नका. कोणी हजर नव्हतं म्हणून काढलं, कार्यालयाने काढलेल्या त्रुटी मुदतीत दूर केल्या नाहीत म्हणून काढलं, की मुद्द्यांवर ऐकून फेटाळलं? शेवटचा प्रकार असेल तर पुनर्स्थापनेचा, म्हणजे अपील परत उभं करण्याचा, अर्ज कामाचा नाही, वाट वेगळी. आमचा पहिला प्रकार. त्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 41, नियम 19. खालच्या कोर्टात मूळ दावाच असा, प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर म्हणून, गेला असेल तर आदेश 9, नियम 9; तिथे त्याच कारणावरून नवा दावाही लावता येत नाही.

मुदत 30 दिवसांची, आणि ती आदेशाच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नाही. 'सही-शिक्क्याची नक्कल येऊ द्या, मग बघू' असा सल्ला कॅन्टीनमध्ये फुकट मिळतो. तो ऐकू नका, नक्कल मिळण्यात जाणारे दिवस इथे वजा होत नाहीत. आमची मुदत केव्हाच उलटली होती, म्हणून सोबत मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा अर्जही जोडला.

खरी मेहनत प्रतिज्ञापत्राची. 'अपरिहार्य कारणास्तव' असं लिहून भागत नाही. वकील कधीपासून आजारी, आपल्याला कधी आणि कसं कळलं, त्यानंतर काय केलं, हे तारीखवार हवं. आम्ही जुन्या वकिलांच्या घरी गेलो. त्यांनी दवाखान्याच्या कागदांच्या झेरॉक्स दिल्या, नवा वकील नेमायला ना-हरकतही लगेच सही करून दिली. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, असं सर्वोच्च न्यायालयाने 1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात म्हटलंय खरं. पण वर्षानुवर्षं चौकशीच केली नाही, तर तेवढ्यावर निभत नाही.

खालच्या निकालाला स्थगिती असेल तर अपिलासोबत तीही गेली असं धरून चाला. अर्जात ती पुन्हा मागा. मूळ अपीलकर्ता वारला असेल तर वारसांची नावं लावायचं वकिलाला आधी सांगा, त्याची मुदत निराळी (90 दिवस).

समोरच्यांना नोटीस निघाली. त्यांच्या वकिलांनी विरोध केला, तरी खर्च देण्याच्या अटीवर दोन्ही अर्ज मंजूर झाले. ही रक्कम ठरल्या मुदतीत भरली नाही तर मिळालेला आदेशही हातचा जातो. आम्ही त्याच आठवड्यात भरली. पावतीची एक प्रत वकिलांकडे, एक तात्यांच्या पेटीत. आता बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, नंबर लागतो का, ते रोज संध्याकाळी मीच पाहतो.