हप्ता तोच, वर्षं वाढलेली

आज गोरेगावच्या एका जोडप्याबरोबर गृहकर्जाचा हिशोब मांडून बसलो. ५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ नुसतं व्याज, मुद्दल फिटतं जेमतेम ७,९७४. वीस वर्षांत एकूण भरायचे १ कोटी ४ लाख! म्हणजे घराखेरीज ५४ लाख व्याजाचे.

खरा फटका पुढे आहे. कर्ज फ्लोटिंग, म्हणजे व्याजदर मधेच बदलू शकणारं. सुरुवातीलाच दर ९.५ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० ऐवजी ३०९ हप्ते होतात. जवळपास ३० लाख जास्त, आणि खिशाला महिन्याला काहीच जाणवत नाही, म्हणून कुणी बघतही नाही. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३च्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडता आलं पाहिजे. ते लेखी मागा. दर बदलल्याचा मेसेज आला की उरलेले हप्ते मोजा.

दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरला, तर हेच कर्ज तीन वर्षांहून आधी संपतं. घरासाठी घेतलेल्या वैयक्तिक फ्लोटिंग कर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नसतो. फक्त अर्जात ‘मुदत कमी करा’ असं स्पष्ट लिहा.