बऱ्हाणपूरचा वाडा मूळचा कोणाचा?

रावेरहून बऱ्हाणपूर तासाभराच्या वाटेवर, म्हणून आमच्या शाळेतली आठवीची सहल बहुतेक तिकडेच निघते. तापीकाठच्या शाही किल्ल्यात शिरलं की तिथला गाईड थेट १६३१ सालापासून सुरू होतो. मुमताजमहल चौदाव्या बाळंतपणात इथं गेली, नदीपलीकडे आहूखान्याच्या बागेत तिला पुरलं, डिसेंबरात तिथून आग्र्याला नेलं. खरंच आहे ते. मग हमामखान्याच्या छतावरची रंगीत वेलबुट्टी दाखवून तिच्यात ताजमहाल शोधायला लावतो. मला तो कधी दिसला नाही, पोरांना लगेच दिसतो.

यंदा एका मुलीनं मध्येच विचारलं, "पण भाऊ, शाहजहान तर आग्र्याचा ना? मग हा वाडा मूळचा कोणाचा?"

"बादशहाचाच की, ताई."

मला राहवलं नाही. मुघलांच्या आधी खानदेशावर राज्य केलं ते फारुकी सुलतानांनी. पुस्तकात फारुकींना एखादी ओळ मिळाली तरी नशीब. इथं त्यांच्याच घरात तेवढीही मिळू नये? तिथंच पायरीवर बसवून पोरांना सांगितलं. १३८२ च्या सुमारास थाळनेरला मलिक राजानं आपलं राज्य उभं केलं. त्याचा मुलगा नसीरखान यानं हे शहर वसवलं, खुलताबादच्या बुऱ्हाणुद्दीन अवलियाचं नाव त्याला दिलं. आपण उभे आहोत तो किल्ला दुसऱ्या आदिलखानाचा (१४५७ ते १५०१). गोंडवनावर स्वारी करून स्वतःला 'झारखंडी सुलतान' म्हणवणारा तो हाच. १६०१ मध्ये अकबरानं असीरगड घेतला, तेव्हा फारुकी संपले आणि मुघल या आयत्या घरात राहायला आले. खानदेशाचं नावसुद्धा शहजादा दानियालवरून 'दानदेश' करून टाकलं! ते टिकलं नाही, हे आपलं नशीब.

मुलगी म्हणाली, "सर, हे कुठं लिहिलेलं आहे का?"

म्हणून ठरल्याबाहेर जाऊन जामा मशिदीत नेलं. आतल्या भिंतीवर अरबी लेखाखाली नागरीत संस्कृत लेख कोरलाय. सुरुवातच 'श्रीसृष्टिकर्त्रे नमः' अशी. पुढे फारुकींची वंशावळ, राजा मलिकापासून मशीद बांधणाऱ्या आदिलशहापर्यंत. संवत १६४६, शके १५११. अकबर येण्याच्या जेमतेम अकरा वर्षं आधीचा. पोरांनी एकमेकांच्या खांद्यावरून वाकून अक्षरं लावली. 'मलिक' आधी कोणाला सापडला यावरून भांडण झालं. मुलीनं नावं वहीत उतरवून घेतली.

एकानं विचारलं, "मग सर, खानदेशची राजधानी एमपीत कशी?" त्याला म्हटलं, ते बसमध्ये सांगतो.

गाईड मागोमाग आला होता. मी म्हटलं, "भाऊ, ही नावंही सांगत जा ना किल्ल्यात."

"सर, एवढं सांगत बसलो तर गिऱ्हाईक निघून जाईल हो. लोकांना मुमताजच पाहिजे."

माझ्याकडे उत्तर नव्हतं. पोरं तोवर मावा जिलेबीच्या दुकानाकडे पळाली होती.